अर्ध्या नवऱ्याचा अल्बम

खालापूरच्या मैदानावर जे झालं त्याचा व्हिडिओ तर सगळ्यांनीच बघितला असेल, पण ज्यानं काढला तो एवढा हसत होता की त्यात निम्मं आभाळच दिसतं. त्यामुळं मुळापासून ऐका.

नवशा म्हणजे कर्जतच्या पुढं डोंगराच्या पायथ्याला ठाकरांची वाडी आहे ना, तिथला. दिवसा एका रिसॉर्टवर कामाला. काम काय, तर मुंबईहून कंपन्यांची माणसं सहलीला येतात, त्यांच्यावर पाइपातून पाऊस पाडायचा आणि गाणी लावायची. चिंब झालेले साहेबलोक 'अजून एक, अजून एक' ओरडतात, आणि हा कोपऱ्यात कोरडा उभा राहून मनातल्या मनात यमकं जुळवतो. स्टेजवरचं नाव एमसी नवस. आधी तो चौघांच्या टोळीत होता, 'कर्जत कल्ला' नावाच्या. गणपतीत, नवरात्रात त्यांचे कार्यक्रम व्हायचे. मग एकदा टोळीनं नवशानं लिहिलेलं कडवं दुसऱ्यालाच म्हणायला दिलं, भांडण झालं, आणि कोणीतरी म्हणालं, "तू एकटा उभा रहा ना स्टेजवर, बघू कोण ऐकतंय."

झालं. डोक्यातच गेलं ते त्याच्या. अल्बम काढायचा, सगळा एकट्याचा, नाव पण 'एकटाच'. पहिल्या गाण्यात एकटा, दुसऱ्या गाण्यात एकटा, तिसऱ्यात डोंगरावर एकटा.

"ना टोळी, ना टाळी, ना पाठीला कोन,
एकटाच आलो, हातात फुटका फोन."

हे त्यानं सगळ्यात आधी कुणाला ऐकवलं असेल? सुनिताला. सुनिता शेजारच्या वाडीची, आता खालापूरला राहते. मोबाइलच्या दुकानात बसते, फोन दुरुस्त करते, आणि संध्याकाळी कबड्डी खेळते. तालुक्याच्या मुलींच्या संघाची कॅप्टन आहे. आश्रमशाळेत दोघं एका वर्गात होते. ती म्हणाली, "फुटका फोन काय गाण्यात मिरवतोस रं? आण इकडं, काच बदलून देते."

"अगं, मंग गान्याचं काय?"

"गाण्यात पण बदल. नवीन काच हातात, लिही."

आता नवशाला सुनिता किती आवडते हे सुनिता सोडून सगळ्यांना माहीत. किंवा तिलाही माहीत असेल, पण तिनं कधी दाखवलं नाय आणि यानं कधी विचारलं नाय. माइक हातात असला की हा मंत्र्यासंत्र्यांना शिव्या घालतो, आणि सुनितासमोर गेला की फोनच्या कव्हरच्या किमती विचारतो.

तर अल्बम. बनवणारा सिद्धांत. हा कर्जत गावातला, आई आसावरीबाई शाळेत शिकवतात. घरामागच्या खोलीत त्यानं स्टुडिओ केलाय. खोलीत आवाज घुमायचा, तर नवशानं वाडीतून भाताचा पेंढा आणला आणि भिंतीला खालपासून वरपर्यंत भारे रचून दिले. आवाज असला बसला की बास. फक्त आसावरीबाई चहा द्यायला आल्या की शिंकतात, आणि एका गाण्यात ती शिंक राहिलीय, नीट ऐका.

सगळी गाणी झाली, शेवटचं एक राहिलं. सिद्धांत म्हणाला, "हे सगळं छान आहे रे, पण सगळं एकाच चवीचं आहे. शेवटच्या गाण्यात तुमच्या वाडीतलं काहीतरी घाल. खरं काहीतरी."

आणि नवशाला कोंडीमावशी आठवली.

कोंडीमावशी म्हणजे वाडीची धवलारीण. लग्नात जी बाई धवळे गाते ना, ती. हळदीचा धवळा, मांडवाचा धवळा, लग्नाचा धवळा. भटजी आला नाय तरी वाडीचं अडत नाय, पण धवलारीण गायली नाय तर लग्न लागलं असं कुणी म्हणायचं नाय. दोन वाड्यांतली अर्धी लग्नं कोंडीमावशीच्या गळ्यानं लागलेली आहेत.

तर मावशीला रिक्षात घालून कर्जतला आणलं. ती खोलीत शिरली, चौफेर पेंढा बघितला, म्हणाली, "गोठा झ्याक हाय. म्हस कुठं गेली?"

सिद्धांतनं तिच्या कानाला हेडफोन लावले, तिनं काढले. "मला माजं गानं माहीत हाय, मला कशाला ऐकवतोस?" मग तिनं हळद मागितली, तांदूळ मागितले, नारळ मागितला. आसावरीबाईंनी सगळं ताटात घालून दिलं, एक शिंक दिली, आणि गेल्या. मावशी पदर सावरून बसली आणि म्हणाली, "हां. नावं सांग."

"कसली नावं?"

"नवऱ्याचं, नवरीचं. धवळा कुनाला लावू?"

"मावशे, नुसतं गानं पायजे गं. लगीन नाय कुनाचं."

"लगीन नाय तर मंग धवळा कशाला? नावाबिगर मी गात नाय. बिननावाचा धवळा भटकत फिरतो, कुनाच्या तरी मानेवर जाऊन बसतो."

सिद्धांत काचेपलीकडून खुणा करतोय, चल लवकर. नवशा म्हणाला, "बरं, नवशा घाल."

"आन नवरी?"

आता इथं तो काही पण म्हणू शकला असता. कुठल्या तरी दूरच्या गावातली ढमकी. पण त्याचं तोंड त्याच्या आधी बोललं. "सुनिता."

मावशीनं डोळे बारीक केले. "दशरथची?"

"कुनाची पन गं. नाव हाय नुसतं."

"कूळ येगळं हाय. जमतंय," मावशी म्हणाली, आणि सुरू झाली.

"हळद लागली गो बाय, कुनाला लागली,
नवशा नवऱ्याला गो, पयली लागली.
उरली हळद गो बाय, कुनाला लागली,
सुनिता नवरीला गो, उष्टी लागली..."

काय आवाज! पेंढ्यातनं पण घुमायला लागला. हळदीपासून सुरू केलं ते पार लग्न लागेपर्यंत नेलं. सिद्धांत तिकडं खुर्चीवरनं उठून उभाच राहिला. मग सवयीनं म्हणाला, "मावशी, फारच सुंदर. एकदा परत घेऊया?"

"परत?" मावशी तांदूळ पदरात बांधत म्हणाली. "लगीन काय दोनदा लावतात काय रं?"

आता नवशानं तिथंच सिद्धांतला सांगायचं ना, बाबा, नावांच्या ओळी काप म्हणून. नाय सांगितलं. सांगायचं तर का ते सांगावं लागलं असतं. त्याला वाटलं, सिद्धांत दोन ओळींची चाल उचलेल, बाकी फेकून देईल, सगळे तसंच करतात. आणि सिद्धांतला काय वाटलं? त्याला वाटलं, हा पोरगा अल्बममधून सुनिताला मागणी घालतोय! एवढं धाडस आपण कसं कापायचं? त्यानं धवळा अख्खा ठेवला. वर नावं आली की खालचा ठेका बंद केला, म्हणजे नाव कसं स्वच्छ ऐकू येईल.

अल्बम कुठं प्रकाशित करायचा यावर खल झाला. खालापूरला रविवारी कबड्डीची स्पर्धा होती, मंडळाकडं मोठे स्पीकर, माणसं आयती जमणार. नवशानं मंडळाला विचारलं, ते म्हणाले मध्यंतरात वाजव. शेवटचं गाणं सिद्धांतनं रविवारी सकाळीच संपवलं, पेनड्राइव्हमध्ये घालून आणलं, आणि म्हणाला, "ऐकून घे एकदा."

"आता कुठं? सगळ्यांबरोबरच ऐकीन," नवशा वायरी ओढत म्हणाला. असा शहाणा.

मैदान भरलेलं. सुनिताचा सामना म्हणून दोन्ही वाड्यांतल्या बाया टेंपो करून आलेल्या, कोंडीमावशी पुढं सतरंजीवर. सुनिताचा बाप दशरथ माथेरानच्या हॉटेलात कामाला आहे, तोही पोरीच्या खेळासाठी सुट्टी टाकून खाली उतरलेला. समालोचनाला अण्णा. अण्णा म्हणजे तालुक्यातला प्रत्येक सामना यांच्याच तोंडून होतो, माइक सुटला की घरी करमत नाय त्यांना.

मध्यंतर झालं. नवशा गॉगल लावून पुढं आला. "खालापूर, आवाज कुठंय? एमसी नवस, एकटाच!" पहिली गाणी वाजली, पोरं नाचली, शिंक आली, लोक हसले, मस्त चाललेलं. मग शेवटचं लागलं. आधी ठेका, त्यावर नवशाचं "मला कुनाची गरज नाय, मला कुनाची गरज नाय," आणि ठेक्याच्या पोटातून कोंडीमावशीचा आवाज वर आला.

वाडीच्या बाया बसल्या होत्या त्या सावरून बसल्या. धवळा म्हणजे धवळा. एकीनं डोक्यावर पदर घेतला, तिचं बघून दुसरीनं घेतला. आणि धवळ्याला मागून साथ द्यायची असते, ती सवय घशातच असते बायांच्या, तर सगळ्या मिळून साथ द्यायला लागल्या. नवशा खूश! त्याला वाटलं, गाणं हिट.

तेवढ्यात ठेका थांबला.

"नवशा नवऱ्याला गो, पयली लागली..."

नवशाचा हात गॉगलवर गेला. पेनड्राइव्ह काढायला तो धावला, पण मिक्सरवर अण्णा टेकून उभे. "थांब रे, लोकांना आवडतंय!"

"अण्णा, सरका!"

"सुनिता नवरीला गो, उष्टी लागली..."

सगळं मैदान सुनिताकडं वळलं. ती गुडघ्याला पट्टा बांधत होती. पट्टा हातातच राहिला. बाया मात्र मनापासून साथ देत होत्या, त्यांना वाटलं पत्रिका आपल्याला पोचली नाय बहुतेक. एकीनं तर दशरथला विचारलं, "दशरथभाव, आमाला सांगितलं पन नाय?" दशरथ उभा राहिला, परत बसला, परत उभा राहिला. "मावशे! ह्यो धवळा कुनी सांगितला तुला?"

"नवऱ्यानंच सांगितला," कोंडीमावशी शांतपणे म्हणाली. "मी नाव इचारूनच गाते."

पोरं शिट्ट्या मारतायत, तो व्हिडिओवाला हसून लोळतोय, आणि अण्णांना तर गप्प बसायची सवयच नाय. दुसरं सत्र सुरू झालं तसे ते माइकवर म्हणाले, "आणि आता चढाईसाठी येत आहे खालापूरची नवरी, माफ करा, खालापूरची सुनिता!"

सुनितानं त्या चढाईत तिघींना बाद केलं. नंतरच्या चढाईत दोघींना. असली खेळली की समोरच्या पोरी घाबरून रेषेवरच उभ्या राहायला लागल्या. पण नवशाकडं तिनं एकदाही बघितलं नाय, आणि नवशाला तेच लागलं. लोक हसतील, वाडी चेष्टा करील, ते सगळं चालेल. पण ही आता दुकानात गेलं तर फोन काउंटरवरून सरकवून देईल, आणि 'नेक्स्ट' म्हणेल. अल्बम राहिला बाजूला, त्याचा जीव तिथं अडकला.

सामना जिंकल्यावर तो मंडपामागं गेला. ती बाकावर बसून बाटलीनं तोंड धूत होती.

"सुनिता, चूक झाली, बुद्धी गेली, घाईत सगळी..."

"यमक काढ."

"हां?"

"यमक काढ आन सरळ बोल."

नवशा उभाच. यमक काढल्यावर आत काय शिल्लक आहे ते त्याला बघावं लागलं. "तुला इचारायला पायजे होतं," तो म्हणाला. "आधी तुला. मंग मावशीला. मी उलटं केलं."

"माजं नाव अख्ख्या तालुक्याला ऐकवलंस, मला सोडून. काढ त्या गाण्यातनं."

"आत्ताच्या आत्ता काढतो. सिद्धांतला सांगतो."

"आन धवळ्याचं काय? तिकडं माजा बाप मावशीबरं भांडतोय."

खरंच भांडत होता. मंडपापुढं गराडा पडलेला. दशरथ म्हणतोय, हे लगीन आमी मानीत नाय. मावशी म्हणतेय, गायलेला धवळा परत गळ्यात जात नाय, माज्या जल्मात कधी अर्धा धवळा राह्यला नाय. सुनिता सरळ गर्दीत शिरली.

"मावशे, धवळा गायलीस तवा नवरी हजर व्हती काय?"

"नाय."

"हजर नसलेल्या नवरीचं लगीन लागतं काय?"

कोंडीमावशी विचारात पडली. सगळी गर्दी कान देऊन पुढं सरकली. अण्णासुद्धा. "नाय लागत," मावशी शेवटी म्हणाली.

"झालं तर," सुनिता म्हणाली आणि दशरथनं श्वास सोडला.

"पन," मावशीनं बोट वर केलं, "नवरा तर माज्या पुढ्यात बसलेला. ताटात हळद, तांदूळ, नारळ, समदं व्हतं. नवरा हजर व्हता. म्हंजे त्याचं लागलं."

"कुनाशी?" दशरथनं विचारलं.

"ते नवरी ठरवील. पन त्याची अर्धी बाजू लागली."

हिशोब तर बरोबर होता. सुनितानं नवशाकडं बघितलं, गाणं वाजल्यापासून पहिल्यांदाच नीट, आणि तिच्या ओठाच्या कोपऱ्यात काहीतरी हललं. "मला मान्य हाय," ती म्हणाली. "त्याचं लागलं, माजं नाय. मी माजं सवडीनं सांगीन. माजी जिल्ह्याची स्पर्धा हाय."

आता गंमत बघा. हळद लागलेल्या नवऱ्यानं एकट्यानं हिंडायचं नसतं. सोबतीला माणूस पाहिजे, हातात लोखंड पाहिजे, नायतर नजर लागते. दुसऱ्याच दिवशी वाडीतल्या बायांनी नवशाला धरून हळद फासली, हातात अडकित्ता दिला, आणि सोबतीला लडकूकाका दिला. लडकूकाका म्हणजे नवशाचा चुलता, रिकामाच होता, आनंदानं तयार झाला. नवशा कामाला, लडकूकाका मागं. नवशा स्टुडिओत, लडकूकाका पेंढ्याला टेकून झोपलेला. रिसॉर्टवर तर काका पाइपाखालीच जाऊन उभा राहिला आणि कंपनीच्या साहेबांबरोबर असा नाचला, असा नाचला की पुढच्या आठवड्यात लोक विचारत आले, ते काका आहेत का?

आणि सगळीकडं पोस्टर काय? गॉगल घातलेला नवशा, खाली मोठ्या अक्षरात 'एकटाच'.

सिद्धांतनं गाण्यातून सुनिताचं नाव काढलं. तिथं दुसरं काही घालवेना, म्हणून ती जागा रिकामीच ठेवली. "उरली हळद गो बाय, कुनाला लागली," आणि मग शांतता, आणि मग "नवरीला गो, उष्टी लागली." आता रिकामी जागा दिसली की लोक गप्प बसतात होय? कर्जतच्या रिक्षा स्टँडवर गाणं लागलं की रिक्षावाले त्या शांततेत एकमेकांची नावं ओरडायचे. शाळेतली पोरं मास्तरांची ओरडायची. गाणं असलं पसरलं! नवशा मात्र ती शांतता यायच्या आधीच स्टँडवरनं काढता पाय घ्यायचा. दुकानात तो गेला नाय. विचारायचं ते धवळ्यानंच सगळ्यांपुढं विचारलेलं, उत्तर तिच्याकडं, आणि जिल्ह्याची स्पर्धा लांब.

मग नेरळला कार्यक्रम ठरला. नवशाचा, स्वतःचा, पहिला. मैदानात मांडव, पोरं खच्चून भरलेली, आणि पुढच्या रांगेत 'कर्जत कल्ला'ची टोळी पाय पसरून बसलेली. नवशा स्टेजवर आला, एका हातात माइक, एका हातात अडकित्ता. मागोमाग लडकूकाका इस्त्रीचा शर्ट घालून आला आणि शेजारी उभा राहिला. टोळी हसून हसून खुर्चीवरून पडली. "एकटाच म्हणे! अरे, हा तर बॉडीगार्ड घेऊन आलाय!"

नवशानं गाणं सुरू केलं. म्हणत गेला. एक गाणं, दोन गाणी, हळूहळू टोळीचे पाय आत आले, मग माना डोलायला लागल्या. शेवटी ते गाणं आलं. लोक तयारच होते, तोंडं उघडून, रिकाम्या जागेत काय ओरडायचं ते ठरवून. नवशानं हात वर केला. सिद्धांतनं गाणं थांबवलं.

"हितं कोनी काय बोलायचं नाय," नवशा म्हणाला. "ही जागा रिकामी हाय. जिची हाय तिला इचारलंय, तिनं अजून सांगितलं नाय. तवर रिकामीच राहील. वर्ष लागू दे, दोन लागू दे. मी हितं गप उभा राहीन, तुमी पन रहा."

आणि गाणं परत सुरू झालं. कुनाला लागली... आणि त्या शांततेत अख्खं नेरळ गप्प. फक्त लडकूकाकाला ठेका थांबलेला कळलं नाय, तो एकटा डोलत होता.

तर मागनं गर्दीतून कोणीतरी रेटत पुढं आलं. सुनिता. अंगावर सरावाचीच जर्सी. बाजूनं स्टेजवर चढली, लडकूकाकाच्या खांद्यावर हात ठेवला. "काका, उतरा. दमला असाल."

"नाय गं, मी दमलो नाय," काका म्हणाला. त्याला उतरायचंच नव्हतं. शेवटी सिद्धांतनं त्याला हाताला धरून खाली नेलं, आणि सुनिता त्याच्या जागी, नवशाच्या बाजूला, हाताची घडी घालून उभी राहिली. बास. एवढंच. पण मांडव असा फुटला की आवाज वर माथेरानला गेला असेल, दशरथला भांडी घासता घासता ऐकू आला असेल.

गाणं संपेपर्यंत ती तशीच उभी. खाली उतरल्यावर कार्यक्रमाला आलेली कोंडीमावशी वाटच बघत होती. "हे गं काय? नवरीनं नवऱ्याची सोबत करायची रीत नाय."

"मी कुठं नवरी हाय मावशे? लगीन ह्याचं लागलंय, माजं नाय, तूच बोललीस. मी आपली मोकळी पोरगी, सोबतीला आली."

मावशी पदरात हसायला लागली.

नवशा अडकित्ता एका हातातून दुसऱ्या हातात घेत उभा. "मंग... लग्नाची उरलेली अर्धी बाजू?"

"जिल्ह्याची फायनल झाली की," सुनिता म्हणाली. "हरले तर त्याच दिवशी. जिंकले तर राज्याची स्पर्धा होऊ दे."

"मंग मी कोनाच्या बाजूनं ओरडू गं?"

"ते तू ठरव," ती म्हणाली आणि चालायला लागली. "आन पाय उचल, शेवटची रिक्षा जाईल. तुला वाडीवर सोडून मला परत खालापूरला जायचंय."